कळशीमागचं वांगं

प्रिय तारा आणि निखिल,

मागच्या रविवारी फोनवर तारा म्हणाली की तिनं कॉलेजात फिनॉमिनॉलॉजी हा विषय घेतला आहे. मी काही विचारायच्या आतच म्हणाली, "जाऊ दे आजी, तुला कंटाळा येईल." मी विचारणारच नव्हते. तो शब्द मला ठाऊक आहे. तुमची आई रांगत होती तेव्हापासून ठाऊक आहे. नाशिकच्या ज्या मुलींच्या शाळेत मी इंग्रजी शिकवत होते, तिथल्या ड्रॉइंगच्या सरांनी तो मला आणून दिला. त्या सरांविषयी मी आजवर कुणाला नीट सांगितलेलं नाही. आता सांगते. मराठीत लिहिते आहे. अडलं तर आईला विचारा.

त्यांचं नाव केशव पगारे. मूळचे नांदगावजवळच्या एका खेड्यातले, पण नाशिकमध्ये बौद्ध वसाहतीत घर होतं. ठेंगणे, पांढरा शर्ट, शर्टाच्या खिशाला खडूचा कायमचा डाग. सायकलच्या हँडलला कापडी पिशवी आणि त्या पिशवीत रोज एखादी वस्तू. कधी नळाची तोटी, कधी काच फुटलेला कंदील, कधी नुसता कांदा. स्टाफरूममध्ये कुणी म्हणालं, "काय पगारे सर, आज भाजीत काय?" तर ते पिशवी उघडून दाखवत आणि म्हणत, "आज तोटी आहे. शिजायला वेळ लागेल."

त्यांची एक सवय सगळ्यांना वैताग आणायची. तुम्ही काहीही सांगा, ते विचारत, "तेव्हा तुम्ही कुठं होतात?" मी म्हटलं, आज रामकुंडावर फार गर्दी होती, की लगेच, "तुम्ही कुठं होतात? पुलावर की खाली?" एका बाईंनी नवीन साडी दाखवून "रंग कसा आहे?" विचारलं, तर ते म्हणाले, "खिडकीपाशी या, मग सांगतो. आणि मग दाराशी जा, परत सांगतो." त्या बाई आठवडाभर त्यांच्याशी बोलल्या नाहीत.

एके दिवशी मधल्या सुट्टीत त्यांनी माझ्यासमोर एक जाड इंग्रजी पुस्तक ठेवलं. मेन रोडवरच्या रद्दीच्या दुकानातून आणलेलं. मुखपृष्ठ नाही, पहिली काही पानं नाहीत, लेखकाचं नावही कुठं नाही.

"बाई, माझं इंग्रजी मॅट्रिकपुरतं. यात चित्र नाही एकही, पण चित्राबद्दल आहे असं वाटतंय. वाचून सांगाल का?"

मी चाळलं. पान उघडावं तिथं तोच एक लांबलचक शब्द. मी म्हटलं, "सर, हे तत्त्वज्ञान आहे. लेखक कोण तेही कळत नाही."

"ते बरंच झालं. नाव असतं तर आपण वाचायच्या आधीच हात जोडले असते."

त्यानंतर काही वर्षं, आठवड्यातून दोन दिवस, ग्रंथालयाच्या मागच्या बाकावर आमचं वाचन चाले. मी इंग्रजी वाक्य वाचायची, जमेल तसं मराठीत सांगायची. काही वाक्यांना आठवडा लागे. एका ठिकाणी असं होतं की जगाबद्दल आपल्याला जे जे माहीत आहे ते थोडा वेळ बाजूला ठेवायचं, मग समोर काय उरतं ते पाहायचं. मी म्हटलं, "म्हणजे ते सगळं खोटं समजायचं?" सर म्हणाले, "नाही हो. आपण देवळात जाताना चपला बाहेर काढतो ना, तसं. चपला टाकून देत नाही. परत येताना घालतोच." तारा, तुझे प्राध्यापक हे कसं शिकवतात मला माहीत नाही. मला ते चपलांवरून कळलं, आणि अजून तसंच कळतं.

दुसरी गोष्ट अशी होती की कुठल्याही वस्तूची आपल्याला एका वेळी एकच बाजू दिसते. मागची बाजू आपण मनानं पुरवतो, आणि पुरवली आहे हे विसरतो. यावर त्यांनी मला ते वाक्य पुन्हा वाचायला लावलं. मग म्हणाले, "चित्रकाराचं काम एवढंच असेल, बाई. विसरायचं नाही."

वर्गात ते हेच शिकवत, पण पुस्तकाचा शब्द कधी वापरत नसत. एकदा नववीच्या मुलींना पांडवलेण्यांवर घेऊन गेले. चढताना मध्येच थांबवून, धापा टाकत असतानाच, समोरच्या पायऱ्यांचं चित्र काढायला लावलं. उतरताना त्याच ठिकाणी परत थांबवलं, त्याच पायऱ्या पुन्हा. मीही बरोबर होते. चढतानाच्या चित्रांत पायऱ्या भिंतीसारख्या उभ्या होत्या. उतरतानाच्या चित्रांत त्या चटईसारख्या खाली पसरल्या होत्या. आमच्या मुख्याध्यापिका जोगळेकर बाई चित्रं पाहून म्हणाल्या, "अहो पगारे, पायऱ्या दोन्ही वेळा तेवढ्याच होत्या ना?"

"मोजायच्या असतील तर तेवढ्याच, बाई. चढायच्या असतील तर नाही."

जोगळेकर बाई शिस्तीच्या होत्या, वाईट नव्हत्या. त्या हसल्या आणि निघून गेल्या. त्या वेळेपर्यंत सगळं हसण्यावारी जात होतं.

मग मंदाची परीक्षा आली.

मंदा ही बागलाणातल्या नामपूरची मुलगी. दहावीत होती, पंचवटीत मामाकडे राहून शिकत होती. तिला ड्रॉइंग टीचर व्हायचं होतं. त्या कोर्सच्या प्रवेशाला सरकारी चित्रकलेची परीक्षा पास असावी लागे. वडिलांनी बजावून ठेवलं होतं की पास झालीस तर पुढं शीक, नाही तर घरी ये, स्थळं आलेली आहेत. सगळ्या शाळेत तिच्याइतका हात कुणाचा नव्हता. तरी ती वस्तुचित्राच्या पेपरात नापास झाली.

सरांनी कारण विचारायला पत्र लिहिलं. परीक्षेच्या कार्यालयातून एका ओळीचं उत्तर आलं: दिलेल्या तीन वस्तूंपैकी वांगे काढलेले नाही.

सरांनी मंदाला बोलावलं. मी तिथंच होते. मंदा भ्यायली की तिच्या घरच्या अहिराणीवर यायची. "सर, मी दाराजोडे बसेल व्हतू. कळशी मोठी व्हती. वांगं माले दिसनंच नही. जे दिसनं ते काढं."

सरांनी तिला ती बसली होती त्या जागेचा नकाशा काढायला लावला. मध्ये टेबल, टेबलावर पितळी कळशी, तिच्यापुढं टॉवेल, बाजूला वांगं, आणि भोवती मुलींचं गोल कडं. मंदा दाराशी, अगदी टोकाला. तिच्या जागेवरून वांगं बरोबर कळशीमागे जात होतं. सरांनी तो नकाशा पाकिटात घातला आणि सोबत चार ओळी लिहिल्या. त्यांतली शेवटची मला पाठ आहे, कारण शुद्धलेखन मीच तपासलं होतं: "वांगे तेथे नव्हते असे आमचे म्हणणे नाही, आपण कृपया तिच्या जागेवर येऊन बसावे."

कार्यालयातून कुणी बसायला आलं नाही. शाळेला पत्र आलं. आपले शिक्षक उद्धट आहेत, विद्यार्थिनींना चुकीचं शिकवतात, याचा खुलासा व्हावा. पुढच्या वर्षी आमच्या मुलींना परीक्षेला बसू देतील की नाही अशी जोगळेकर बाईंना धास्ती वाटली. त्यांनी शाळा समितीची बैठक लावली आणि एक माफीपत्र टाइप करून ठेवलं. दोनच ओळी: मी विद्यार्थिनीस चुकीचे मार्गदर्शन केले, त्याबद्दल दिलगीर आहे. सही केली की विषय संपला. नाही केली तर ड्रॉइंगचे तास काढून घेणार.

बैठकीचं इतिवृत्त लिहायला मला बसवलं होतं, अक्षर चांगलं म्हणून. समितीचे अध्यक्ष भाऊसाहेब, मोठे वकील. आवाज असा की कुजबुजले तरी गेटवर ऐकू जाई. सर आले ते पिशवी घेऊनच. पिशवीतून पितळी कळशी काढली, टॉवेल काढला, एक जांभळं वांगं काढलं आणि सगळ्यांसमोर टेबलावर मांडलं. टॉवेलच्या चुण्या नीट केल्या. मग दाराशी स्टूल ठेवलं.

"भाऊसाहेब, जरा इथं बसता का?"

"मी? स्टुलावर?"

"मुलगी बसली होती. तुम्हालाही जमेल."

कुणीतरी हसलं. भाऊसाहेबही हसले, धोतर सावरत येऊन बसले.

"काय दिसतं?"

"कळशी. टॉवेल. वांगं."

"वांगं कुठं आहे?"

"कळशीमागे. काय पोरखेळ लावलाय पगारे?"

"आहे ते विचारत नाही साहेब. दिसतं का?"

भाऊसाहेबांनी मान थोडी वाकडी केली. "हे काय, देठ दिसतंय की."

"वाकू नका. परीक्षेत वाकलं की कॉपी धरतात."

"अहो, न वाकताही दिसतंय! हिरवं देठ. स्वच्छ दिसतंय. त्या पोरीचं लक्ष नव्हतं, दुसरं काय!"

सरांनी पुढं होऊन कळशी उचलली. मागे काहीच नव्हतं. वांगं त्यांच्या पिशवीत होतं. चुण्या नीट करताना त्यांनी ते काढून घेतलं होतं.

खोलीत असा हशा पिकला की बाहेरचा शिपाई डोकावला. जोगळेकर बाईंनी पदर तोंडाला लावला. मी इतिवृत्तात लिहून टाकलं: "अध्यक्षांना नसलेले देठ दिसले." फक्त भाऊसाहेब हसत नव्हते. ते स्टुलावरून उठले, आपल्या खुर्चीत जाऊन बसले आणि माझ्याकडे न बघता म्हणाले, "वैद्य बाई, शेवटचं वाक्य खोडा."

मी खोडलं. हे तुम्हाला सांगितलंच पाहिजे. एक रेघ मारली, वरून दुसरी मारली.

सर त्या दिवशी वाद जिंकले, आणि तिथंच चुकले. त्यांना खरंच वाटत होतं की माणसाला स्वतःच्या डोळ्यांनी पाहायला मिळालं की तो मानतो. चारचौघांत स्टुलावर बसवलेला वकील काय करतो, हे त्यांनी ध्यानातच घेतलं नव्हतं. भाऊसाहेब म्हणाले, "हातचलाखी झाली असेल तर सही करा."

सरांनी कागद वाचला, परत टेबलावर ठेवला, कळशी पिशवीत भरली आणि निघाले. मी मागोमाग गेले. सायकल स्टँडपाशी त्यांना गाठलं आणि खूप बोलले. दोन ओळी आहेत, म्हटलं. कोण वाचणार आहे? फायलीत पडून राहील. मुलींचं नुकसान करू नका, त्यांना तुमच्यासारखं कोण शिकवणार?

ते कुलूप काढता काढता थांबले.

"बाई, मी शाळेत गेलो तेव्हा आम्हाला वर्गात घेत नव्हते. मी व्हरांड्यात बसायचो. फळा दारातून दिसायचा. एक बाजू लांब, एक आखूड. एकदा मास्तर म्हणाले, पाटीवर फळा काढा. मी मला दिसला तसा काढला, तिरका. मास्तरांनी लांबूनच छडी फेकून मारली. जवळ यायचं नव्हतं ना. म्हणाले, फळा चौकोनी असतो एवढंही कळत नाही? मला काय माहीत नव्हतं का, फळा चौकोनी असतो ते? पण त्यांनी मला जिथं बसवलं, तिथून तो चौकोनी नव्हता. आणि तिथं मला बसवलं कोणी? त्यांनीच."

ते बोलत राहिले, आणि बोलता बोलता गावाकडची बोली आली.

"लोक आमच्याकडं बघायच्या आधी आडनाव बघतात. आडनाव समजलं की पुढचं बघायचं कामच उरत नाय. त्या पुस्तकातलं मला तुमच्यापेक्षा लवकर का कळलं? मी ते सोसलंय. आता या पोरीला दाराशी बसवणारेच विचारतात, वांगं कुठं हाय. आणि मी लिहून देऊ की तिनं चुकीचं बघितलं? नाय बाई. सही नाय होणार. लय झालं."

सायकलवर टांग मारून ते गेले. दुसऱ्या आठवड्यात त्यांचे ड्रॉइंगचे तास काढून घेतले आणि त्यांना ग्रंथालय आणि शिवणाच्या कपाटांची देखरेख दिली. ड्रॉइंगला दुसरे शिक्षक आले. ते फळ्यावर कळशी काढून देत आणि मुली उतरवून घेत. निकाल चांगले लागू लागले.

मंदाच्या मामानं तिच्या वडिलांकडून एक वर्ष मागून घेतलं. पुढच्या वर्षी ती परत बसली आणि पास झाली. पेढे घेऊन ग्रंथालयात आली. सरांनी पेढा घेतला आणि विचारलं, "या वेळी कुठं होतीस?"

मंदानं पेढ्यांचा पुडा टेबलावर ठेवला. मग म्हणाली, "सर, या वेळी लिंबू दिसत नव्हतं. किटलीमागं होतं. मी काढलं. अंदाजानं."

मला वाटलं, आता हे पेढा खाली ठेवतील. ज्या गोष्टीसाठी स्वतःचा वर्ग घालवला, तीच या मुलीनं सोडली होती. सरांनी पेढा हातातच धरला.

"ते तुला दिसलं नव्हतं, हे तुला माहीत आहे ना?"

"हो, सर."

"मग जा. शिक. मला भीती त्यांची, ज्यांना हे माहीतच नसतं." आणि पेढा खाल्ला.

मी नंतर त्यांना म्हटलं, "तिला सूट दिलीत. स्वतः मात्र सही करत नाही." ते म्हणाले, "तिला नामपूरला जायचं नव्हतं. मला कुठं जायचंय?"

पुढची सहा वर्षं ते ग्रंथालयात होते. दरवर्षी जूनमध्ये जोगळेकर बाई तो टाइप केलेला कागद त्यांच्यापुढं ठेवत, आता जरा नरमाईनंच. "पगारे, झालं गेलं. भाऊसाहेबही आता समितीवर नाहीत. सही करा आणि वर्ग घ्या." दरवर्षी सर कागद पूर्ण वाचत, पहिल्यांदाच पाहत असल्यासारखा, आणि म्हणत, "बाई, यात अजून तेच लिहिलंय." कागद परत फायलीत जाई. आमचं पुस्तक याच काळात वाचून संपलं. शेवटचीही पानं नव्हती. "चला," ते म्हणाले, "शेवट सांगायला कुणी नाही."

त्यांच्या नोकरीच्या शेवटच्या वर्षी मी पर्यवेक्षिका झाले. शाळेचं वेळापत्रक करणं माझं काम. मला ते काम आवडायचं. आखलेल्या चौकटीत प्रत्येकाचं नाव बसवायचं. त्या वर्षी ड्रॉइंगचे शिक्षक दोन महिन्यांच्या रजेवर गेले. बदली शिक्षक मिळत नव्हते. मी नववी ब च्या चौकटीत लिहिलं: ड्रॉइंग, के. पगारे. आणि वेळापत्रक बोर्डावर लावलं.

दहाच मिनिटांत जोगळेकर बाई माझ्या टेबलापाशी. "वैद्य बाई, हे मला विचारून करायचं होतं."

"विचारलं असतं तर तुम्ही नाही म्हणाला असता. म्हणून विचारलं नाही."

"त्यांनी सही केलेली नाही."

"नाही केली. करणारही नाहीत. वर्ग रिकामा आहे आणि ड्रॉइंगचे सर ग्रंथालयात बसलेत. हे मी चौकटीत कसं लिहू, ते तुम्ही सांगा."

जोगळेकर बाई चष्मा काढून पुसायला लागल्या. त्यांनी वेळापत्रक बोर्डावरून उतरवलं नाही.

त्या दिवशी मी ड्रॉइंग हॉलच्या खिडकीपाशी उभी राहिले. सर आत गेले. हात रिकामे, पिशवी बरोबर नव्हती. टेबलावर काही ठेवलं नाही. मुली कागद लावून बसल्या होत्या. एकीनं विचारलं, "सर, काय काढायचं?"

"काय दिसतं?"

मुली एकमेकींकडं बघायला लागल्या. एक धीट होती, ती म्हणाली, "सर, रागावणार नाही ना? तुम्हीच दिसता."

"मग काढा. पण सर काढू नका. सर तुम्हाला माहीत आहेत. तुम्हाला माहीत नसलेला माणूस काढा."

ते मध्यभागी स्टूल ओढून बसले. हात गुडघ्यांवर, मान सरळ. चाळीस मुली चारी बाजूंनी त्यांच्याकडं पाहू लागल्या. कुणाला त्यांचा कान दिसत होता, कुणाला पाठ, कुणाला नुसता खिशावरचा पांढरा डाग. ते जराही हलले नाहीत. इतकी वर्षं मी त्यांच्याबरोबर बाकावर बसले, पण त्या माणसाकडं कुणी इतका वेळ, इतकं नीट बघताना मी कधी पाहिलं नव्हतं. त्यांना ते आवडत होतं की जड जात होतं, ते मला तिथून कळलं नाही. मला खिडकीतून त्यांची फक्त एक बाजू दिसत होती.

घंटा झाली. एकाही मुलीनं मान वर केली नाही. पुढचा तासही त्यांचाच होता. मी तसंच लिहून ठेवलं होतं.